विश्लेषण : जंगलात वाढलेल्या माणसाने वाळवंटाची कादंबरी का लिहिली? ‘ड्यून’कार फ्रँक हर्बर्ट यांचा जीवनप्रवास

पाण्याचा थेंबन्‌थेंब जपावा लागतो अशा वाळवंटी ग्रहाची कथा सांगणारे ‘ड्यून’ मालिकेतील दोन चित्रपट २०२१ आणि २०२४ मध्ये आले. भारतातही ते आवडीने पाहिले गेले. मूळ कादंबरी मात्र १९६५ सालची आहे. विसाव्या शतकातील विज्ञानकथांमध्ये तिचे स्थान फार वरचे आहे. ती लिहिणारे फ्रँक हर्बर्ट वाळवंटात जन्मलेले नव्हते. अमेरिकेच्या वायव्य कोपऱ्यात, धो-धो पावसाच्या आणि घनदाट जंगलांच्या मुलखात ते वाढले. ते जंगल डोळ्यांदेखत तोडले जात होते आणि त्याच काळजीतून वाळवंटाची ही गोष्ट आकाराला आली. जमिनीवर जंगल आणि जमिनीखाली कोळसा व लोहखनिज असलेल्या चंद्रपूर-गडचिरोलीच्या वाचकाला हर्बर्ट यांचे आयुष्य म्हणूनच परके वाटणार नाही.

जन्म आणि बालपण कुठे गेले?

फ्रँक पॅट्रिक हर्बर्ट यांचा जन्म ८ ऑक्टोबर १९२० रोजी वॉशिंग्टन राज्यातील टकोमा या बंदराच्या गावी झाला. वॉशिंग्टन राज्य म्हणजे अमेरिकेची राजधानी नव्हे. ते देशाच्या दुसऱ्या टोकाला, प्रशांत महासागराच्या किनाऱ्यावर आहे. लाकूड, कागद आणि धातू गाळण्याचे कारखाने ही त्या काळच्या टकोमाची ओळख होती. तेथे तांबे गाळण्याचा मोठा कारखाना होता आणि त्याच्या चिमणीतून निघणाऱ्या धुरात शिसे व आर्सेनिक असे. औष्णिक वीज केंद्राच्या चिमण्या आणि खाणींची धूळ रोज पाहणाऱ्या चंद्रपूरकरांना असे गाव कसे असेल हे वेगळे सांगायला नको.

गावाबाहेर मात्र वेगळे जग होते. हर्बर्ट यांच्या लहानपणाचा बराच काळ खाडीकाठच्या ग्रामीण भागात गेला. होडी वल्हवणे, मासे धरणे, रानात भटकणे हाच त्यांचा दिनक्रम असे. घरात मात्र स्वस्थता नव्हती. आई-वडील दोघांनाही दारूचे व्यसन होते. मुलगा घराबाहेर जास्त रमू लागला त्यामागे हेही एक कारण होते. आठव्या वाढदिवशी त्याने आपण लेखक होणार असे घरात जाहीर करून टाकले होते, अशी आठवण त्यांच्या मुलाने लिहिलेल्या चरित्रात आहे.

जंगलाची पहिली शिकवण कोणाकडून मिळाली?

याच भटकंतीत मुलाची गाठ हेन्री मार्टिन यांच्याशी पडली. ते होह या आदिवासी जमातीतले होते आणि किनाऱ्यालगत एकटेच राहत. होह आणि त्यांच्या शेजारची क्विल्यूट जमात ऑलिम्पिक द्वीपकल्पाच्या पश्चिम किनाऱ्यावरची. नदीतील सॅमन मासा आणि किनाऱ्यावरचे उंच देवदार हाच त्यांच्या जगण्याचा आधार. मार्टिन यांनी या गोऱ्या मुलाला मासे धरण्याच्या जुन्या पद्धती शिकवल्या. रानातले काय खावे, कशाला हात लावू नये, हे दाखवले. ही मैत्री सुमारे दोन वर्षे टिकली.

आपल्याकडे माडिया किंवा गोंड घरातली मुले मोठ्यांच्या मागे फिरत मोहफुले, तेंदूची पाने, कंद आणि नदीचे मासे ओळखायला शिकतात. शाळेच्या पुस्तकात हे ज्ञान नसते. हर्बर्ट यांना ते एका परक्या जमातीतल्या माणसाकडून मिळाले. जमिनीवर पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्याला तिच्याविषयी जे ठाऊक असते ते बाहेरून आलेल्या तज्ज्ञाला ठाऊक असेलच असे नाही, ही जाणीव त्यांच्या लेखनात पुढे वारंवार दिसते. तिचे मूळ या दोन वर्षांत आहे.

लेखनाची सुरुवात कशी झाली?

घरातली परिस्थिती बिघडल्यावर १९३८ मध्ये हर्बर्ट धाकट्या बहिणीला घेऊन शेजारच्या ओरेगन राज्यात मावशी-काकांकडे राहायला गेले. तेथे शालेय शिक्षण पूर्ण केले. १९३९ मध्ये वय वाढवून सांगत त्यांनी एका वृत्तपत्रात पहिली नोकरी मिळवली. पुढची जवळपास तीन दशके पत्रकारिता हाच त्यांचा पोटापाण्याचा धंदा राहिला. बातमीदार, छायाचित्रकार, संपादकीय कामे अशा सगळ्या भूमिका त्यांनी पश्चिम किनाऱ्यावरच्या अनेक दैनिकांत केल्या.

१९४१ मध्ये त्यांचा पहिला विवाह झाला. एक मुलगी झाली, पण हा संसार दोन वर्षांतच मोडला. दुसऱ्या महायुद्धात ते नौदलाच्या बांधकाम तुकडीत छायाचित्रकार होते. डोक्याला इजा झाल्याने सहा महिन्यांतच त्यांना सेवेतून मुक्त करण्यात आले. १९४५ मध्ये ‘एस्क्वायर’ मासिकाने त्यांची एक साहसकथा विकत घेतली.

युद्धानंतर ते वॉशिंग्टन विद्यापीठात शिकायला गेले. लेखनाच्या वर्गात त्यांची भेट बेव्हर्ली स्टुअर्ट यांच्याशी झाली. त्या वर्गात ज्यांचे लेखन आधीच छापून आले होते असे हे दोघेच विद्यार्थी होते. जून १९४६ मध्ये त्यांनी लग्न केले. विद्यापीठाची पदवी मात्र हर्बर्ट यांनी घेतली नाही. ज्या विषयांत रस होता तेवढेच शिकले आणि बाकीचे सोडून दिले.

लग्नानंतर हे जोडपे कुठे राहिले?

लग्नानंतरचा पहिला उन्हाळा त्यांनी केली ब्यूट या डोंगरमाथ्यावरील निरीक्षण मनोऱ्यात काढला. हर्बर्ट यांना वनखात्यात वणव्यावर नजर ठेवण्याचे हंगामी काम मिळाले होते. सगळीकडे जंगल, माथ्यावर एक लाकडी खोली, आणि काम एकच : कुठे धूर दिसला तर खाली कळवायचे.

चंद्रपूर-गडचिरोलीत फेब्रुवारीनंतर पानगळ सुरू झाली की वनकर्मचारी जाळरेषा काढतात, मनोऱ्यांवर माणसे बसतात आणि मोहफूल व तेंदूच्या हंगामात सगळ्यांचा जीव टांगणीला लागतो. त्या कामाचा स्वभाव जगभर सारखाच. एका ठिकाणी बसून अख्खे खोरे पाहत राहायचे. वारा, ओलावा, पालापाचोळा, उतार यांचा एकमेकांशी असलेला संबंध त्यातून कळू लागतो. हर्बर्ट यांची पुढची कादंबरीही संपूर्ण ग्रहाकडे अशाच उंचावरून पाहते.

विज्ञानकथेकडे ते कसे वळले?

१९५२ मध्ये ‘स्टार्टलिंग स्टोरीज’ या मासिकात त्यांची पहिली विज्ञानकथा आली. त्या काळी अमेरिकेत विज्ञानकथा स्वस्त कागदावरच्या मासिकांत छापल्या जात आणि त्यांना प्रतिष्ठा नव्हती. मोबदलाही तुटपुंजा असे. हर्बर्ट नोकरी करत, रात्री लिहीत. घरात ब्रायन आणि ब्रूस असे दोन मुलगे होते आणि पैशांची चणचण कायमची.

१९५४ मध्ये त्यांनी ओरेगनचे सिनेटर गाय कॉर्डन यांच्यासाठी भाषणे लिहून देण्याचे काम केले. कॉर्डन निवडणूक हरले, पण राजकारणात माणसांची मने कशी वळवली जातात हे हर्बर्ट यांनी आतून पाहिले. कॅलिफोर्नियात असताना एका मानसशास्त्रज्ञ दाम्पत्याशी त्यांची मैत्री झाली होती आणि त्यांच्याकडून फ्रॉइड व युंग यांच्या विचारांची ओळख झाली होती. या दोन्ही गोष्टी पुढे उपयोगी पडल्या.

१९५६ मध्ये त्यांची पहिली कादंबरी ‘द ड्रॅगन इन द सी’ पुस्तकरूपाने आली. तेलाचा तुटवडा असलेल्या भविष्यात शत्रूच्या हद्दीतून चोरून तेल आणणाऱ्या पाणबुडीची ती गोष्ट होती. टीकाकारांनी कौतुक केले, पण घर चालेल इतका पैसा तिने दिला नाही. मात्र एका मर्यादित संपत्तीसाठी माणसे काय करतात, हा त्यांचा कायमचा विषय तेथे दिसला होता.

वाळूच्या टेकड्यांशी गाठ कशी पडली?

१९५७ मध्ये हर्बर्ट ओरेगनच्या किनाऱ्यावरील फ्लोरेन्स या गावी एका लेखासाठी गेले. तेथे समुद्रालगत वाळूच्या प्रचंड टेकड्या आहेत. वाऱ्याने त्या सरकत आणि रस्ते, नद्या, घरे गिळत जात. सरकारच्या कृषी विभागाने यावर उपाय शोधला होता. वाळूवर विशिष्ट प्रकारचे गवत लावायचे. गवताची मुळे वाळूला धरून ठेवतात, टेकडी जागेवर थांबते, मग त्यावर झुडपे आणि झाडे लावता येतात.

हर्बर्ट यांनी विमानातून त्या टेकड्या पाहिल्या. समुद्राच्या लाटा जशा पुढे सरकतात तशीच वाळूही सरकते, फक्त फार सावकाश, ही कल्पना त्यांच्या मनात घर करून बसली. लेख मात्र त्यांच्याकडून पूर्ण झाला नाही. वाळवंटे, तेथील माणसे, तेथे जन्मलेले धर्म, पाण्याचे राजकारण यांविषयी ते वाचत गेले. पुढची सुमारे सहा वर्षे हे वाचन आणि टिपणे चालू होती. अरबस्तानातील टी. ई. लॉरेन्स यांची कहाणी, कॉकेशस पर्वतातील इमाम शमील यांचा रशियाविरुद्धचा लढा, अशा गोष्टींचे ठसे कादंबरीत जागोजागी आहेत.

मग जंगलाचा संबंध कुठे येतो?

हॉवर्ड हॅन्सन हे हर्बर्ट यांचे जिवलग मित्र. ते क्विल्यूट लोकांच्या वस्तीत वाढले होते. लाकूड कंपन्यांनी ऑलिम्पिक द्वीपकल्पातील जुनी जंगले कशी साफ केली, झाडे गेल्यावर डोंगरउतारांची माती कशी वाहून गेली आणि सॅमनच्या नद्या कशा बिघडल्या, हे त्यांनी पाहिले होते. जमीन अशीच ओरबाडली जात राहिली तर सगळी पृथ्वी उत्तर आफ्रिकेसारखी ओसाड होईल, अशी भीती ते हर्बर्ट यांच्यापाशी बोलून दाखवत. हर्बर्ट यांना ते पटले. पृथ्वीची एक मोठी वाळूची टेकडी होईल, असे चित्र त्यांच्यासमोर उभे राहिले.

फ्लोरेन्सच्या टेकड्यांनी दृश्य दिले आणि हॅन्सन यांच्या काळजीने अर्थ दिला, असे म्हणता येईल. ओसाड ग्रह ही हर्बर्ट यांच्यासाठी दूरच्या आकाशातली कल्पना नव्हती. आपल्या गावच्या जंगलाचा शेवटचा टप्पा त्यांना तसा दिसत होता.

‘ड्यून’मध्ये नेमके काय आहे?

अराकिस नावाच्या ग्रहावर पाऊस पडत नाही. तेथे मेलांज नावाचा एक मसाला मिळतो आणि तो विश्वात दुसरीकडे कुठेही मिळत नाही. त्यावाचून ताऱ्यांमधला प्रवास अशक्य. त्यामुळे बादशहा, सरदारघराणी आणि व्यापारी संघ यांची सगळी धडपड या एका ग्रहासाठी. खाणीतल्या यंत्रांसारखी अजस्र यंत्रे वाळू खरवडून मसाला काढतात. ग्रहावर मूळचे राहणारे फ्रेमेन लोक मात्र कोणाच्या हिशेबात नाहीत. ते शरीरातील घामही गाळून पुन्हा पिण्याजोगा करणारे पोशाख घालतात आणि पाणी हेच त्यांचे धन असते.

वाळूखाली राक्षसी किडे राहतात. यंत्रवाल्यांना ते शत्रू वाटतात. प्रत्यक्षात मसाला याच किड्यांच्या जीवनचक्रातून तयार होतो. किडे संपले तर मसालाही संपला. एका साखळीतली कडी काढली की सगळी साखळी तुटते, हा परिसंस्थेचा धडा हर्बर्ट यांनी व्याख्यान न देता गोष्टीत गुंफला.

कादंबरीत एक सरकारी शास्त्रज्ञ आहे. ग्रह हिरवा करण्याची कित्येक पिढ्यांची योजना तो फ्रेमेन लोकांबरोबर गुपचूप राबवत असतो. तिचा पहिला टप्पा म्हणजे वाळूच्या टेकड्यांवर गवत लावणे. फ्लोरेन्सला पाहिलेला प्रयोग हर्बर्ट यांनी जसाच्या तसा दुसऱ्या ग्रहावर नेला. पुस्तकाची अर्पणपत्रिकाही कोरडवाहू प्रदेशांवर काम करणाऱ्या पर्यावरणशास्त्रज्ञांच्या नावे आहे.

प्रकाशक का मिळत नव्हता?

ही कथा आधी ‘अ‍ॅनालॉग’ मासिकात १९६३ ते १९६५ या काळात दोन भागांत क्रमशः आली. पुस्तकासाठी मात्र वीसच्या आसपास प्रकाशकांनी नकार दिला. कादंबरी फार लांब होती, शब्द अनोळखी होते आणि सुरुवातीची पाने सावकाश सरकत होती.

शेवटी होकार आला तो मोटारदुरुस्तीची पुस्तके काढण्यासाठी प्रसिद्ध असलेल्या चिल्टन या कंपनीकडून. तेथील संपादक स्टर्लिंग लॅनियर यांनी मासिकातील भाग वाचले होते. त्यांच्या आग्रहामुळे १९६५ मध्ये ‘ड्यून’ पुस्तक झाले. विक्री सुरुवातीला मंदच होती. मान्यता मात्र लगेच मिळाली. कादंबरीसाठीचा पहिलावहिला नेब्युला पुरस्कार तिला मिळाला आणि १९६६ चा ह्यूगो पुरस्कार रॉजर झेलाझ्नी यांच्या कादंबरीबरोबर विभागून मिळाला. वाचक हळूहळू वाढले, विशेषतः विद्यापीठांतील तरुण आणि नव्याने उभ्या राहणाऱ्या पर्यावरण चळवळीतील कार्यकर्ते.

बेव्हर्ली यांचा वाटा काय?

‘ड्यून’ लिहून होईपर्यंतची वर्षे घर मोठ्या प्रमाणात बेव्हर्ली यांच्या पगारावर चालले. त्या जाहिरातींचे मजकूर लिहीत. स्वतः लेखिका होण्याची त्यांची इच्छा आणि कुवत दोन्ही होती, पण ती बाजूला पडली. हर्बर्ट यांचे लेखन सर्वप्रथम त्यांच्या कानावर जाई आणि त्यांचे मत निर्णायक ठरे. कादंबरीतील राजमाता जेसिका या व्यक्तिरेखेत बेव्हर्ली यांची छाया असल्याचे मुलाने लिहिले आहे. पुस्तकाच्या मुखपृष्ठावर एकच नाव असले तरी त्यामागची मिळकत आणि धीर दोघांचा होता.

घरातले हर्बर्ट मात्र सोपे नव्हते. ते लिहीत असताना मुलांनी आवाज करायचा नाही, असा कडक शिरस्ता होता. मुले खोटे बोलतात का हे पाहण्यासाठी त्यांनी खोटे पकडणाऱ्या यंत्राचाही वापर केला होता. धाकटा मुलगा ब्रूस समलैंगिक होता, ते हर्बर्ट यांना स्वीकारता आले नाही आणि बापलेकांतला दुरावा मिटला नाही. सत्ता माणसाला कशी बिघडवते हे लिहिणारा माणूस स्वतःच्या घरात हुकमत गाजवत होता, ही विसंगती चरित्रकारांनी लपवलेली नाही.

‘ड्यून’ ही तारणहाराची कथा आहे का?

चित्रपट पाहून अनेकांचा असा समज होतो. बाहेरून आलेला राजपुत्र पॉल फ्रेमेन लोकांचा नेता होतो, त्यांना विजय मिळवून देतो. पण हर्बर्ट यांना नेमका याच समजावर घाव घालायचा होता. पॉलला देवदूत मानणारी भाकिते फ्रेमेन समाजात पूर्वीच बाहेरच्यांनी मुद्दाम पेरलेली असतात. त्याच्या विजयानंतर त्याच्याच नावाने धर्मयुद्ध पेटते आणि अब्जावधी माणसे मरतात.

१९६९ मध्ये आलेल्या ‘ड्यून मसाया’ या दुसऱ्या भागात हे उघडपणे मांडले गेले. पहिला भाग छापणाऱ्या ‘अ‍ॅनालॉग’च्या संपादकांना नायकाची ही पडझड रुचली नाही आणि त्यांनी तो नाकारला. मग तो ‘गॅलेक्सी’ मासिकात आला. आपले प्रश्न दुसऱ्या कोणी येऊन सोडवावेत म्हणून स्वतःचा विवेक त्याच्या हवाली करणे हा मोठा धोका आहे, हे हर्बर्ट पुढे प्रत्येक भागात सांगत राहिले. तिसऱ्या भागापर्यंत ग्रह हिरवा होऊ लागतो. पण ओलावा किड्यांना विषासारखा असतो, त्यामुळे मसाला आटू लागतो आणि फ्रेमेन लोकांची पाणी जपण्याची संस्कृतीही विरत जाते. चांगल्या हेतूने केलेल्या बदलाचीही किंमत असते आणि ती बहुधा तिथे राहणाऱ्यांनाच मोजावी लागते.

प्रसिद्धीनंतर त्यांनी काय केले?

पुरस्कार मिळाल्यावरही काही वर्षे हर्बर्ट नोकरी करत होते. १९६९ ते १९७२ या काळात ते सिॲटलच्या एका दैनिकात शिक्षणविषयक लेखन करत आणि त्याच सुमारास वॉशिंग्टन विद्यापीठात शिकवतही. १९७० च्या पहिल्या पृथ्वी दिनी फिलाडेल्फियातील सभेत ते बोलले. त्याच वर्षी पर्यावरणावरील एका लेखसंग्रहाचे संपादनही त्यांनी केले. १९७२ मध्ये सल्लागार म्हणून ते व्हिएतनाम आणि पाकिस्तानात गेले होते. त्यानंतर मात्र ते पूर्णवेळ लेखक झाले.

१९७२ मध्येच त्यांची ‘सोल कॅचर’ ही कादंबरी आली. तिच्यात ना अवकाशयान आहे ना दुसरा ग्रह. ऑलिम्पिकच्या जंगलात घडणारी, आपल्या लोकांवरील अन्यायाने पेटलेल्या एका आदिवासी तरुणाची ही गोष्ट आहे. हेन्री मार्टिन आणि हॉवर्ड हॅन्सन यांच्या जगाचे ऋण त्यांनी तिच्यात उघडपणे मान्य केले. ती ‘ड्यून’इतकी गाजली नाही.

१९७६ मध्ये आलेला ‘चिल्ड्रन ऑफ ड्यून’ हा तिसरा भाग देशभरच्या सर्वाधिक खपाच्या पुस्तकांच्या यादीत गेला. विज्ञानकथेला असे यश तोपर्यंत क्वचितच मिळाले होते. हातात पैसा आल्यावर हर्बर्ट यांनी पोर्ट टाउनसेंड येथे सहा एकर जागा घेतली. तेथे पवनचक्की, सौरऊर्जा, कोंबड्यांच्या विष्ठेपासून गॅस असे प्रयोग केले. कमीत कमी साधनांत घर कसे चालवता येईल हे त्यांना करून पाहायचे होते.

शेवटची वर्षे कशी गेली?

१९७४ मध्ये बेव्हर्ली यांना फुप्फुसाचा कर्करोग झाल्याचे निदान झाले. त्या पुढे दहा वर्षे जगल्या. त्यांच्या प्रकृतीला मानवेल म्हणून या दोघांनी हवाईतील माउई बेटावर घर बांधले. तेथेच फेब्रुवारी १९८४ मध्ये बेव्हर्ली यांचे निधन झाले. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये डेव्हिड लिंच यांनी दिग्दर्शित केलेला ‘ड्यून’ चित्रपट आला आणि अमेरिकेत तो पडला. मालिकेचा सहावा भाग १९८५ मध्ये प्रसिद्ध झाला. त्याच्या अखेरीस हर्बर्ट यांनी बेव्हर्ली यांच्याविषयी लिहिले आहे. त्याच वर्षी त्यांनी थेरेसा शॅकलफोर्ड यांच्याशी विवाह केला.

स्वादुपिंडाच्या कर्करोगावरील शस्त्रक्रियेनंतर विस्कॉन्सिन राज्यातील मॅडिसन येथे ११ फेब्रुवारी १९८६ रोजी हर्बर्ट यांचे निधन झाले. तेव्हा ते ६५ वर्षांचे होते. मालिकेचा सातवा भाग लिहायचा राहून गेला. पुढे मोठा मुलगा ब्रायन आणि केविन अँडरसन यांनी त्यांच्या टिपणांच्या आधारे मालिका वाढवली. शनीच्या टायटन या उपग्रहावरील एका मैदानाला शास्त्रज्ञांनी अराकिसचे नाव दिले आहे.

त्या गवताचे पुढे काय झाले?

ज्या गवतामुळे कादंबरी सुचली, त्याची पुढची कथा हर्बर्ट यांनीच लिहिली असावी अशी आहे. ओरेगनच्या किनाऱ्यावर लावलेले ते गवत युरोपातून आणलेले होते. त्याने वाळू थांबवली, पण नंतर ते स्वतः थांबेना. उघड्या वाळूवर जगणाऱ्या स्थानिक वनस्पती आणि घरटी करणारे पक्षी यांची जागा त्याने बळकावली. आता तेथील वनखाते आणि स्वयंसेवक तेच गवत उपटून टाकण्याच्या कामाला लागले आहेत.

आपल्याला ही गोष्ट नवी नाही. शोभेचे झुडूप म्हणून भारतात आलेली घाणेरी आज जंगलांत शिरून गवत आणि रोपे दाबून टाकते. मिश्र जंगल तोडून तेथे एकट्या सागाची लागवड करण्याचे धोरण चंद्रपूर-गडचिरोलीने अनेक वर्षे पाहिले. कागदावर झाडांची संख्या तीच दिसते. पण मोह, तेंदू, चार, बेहडा नसलेल्या जंगलात अस्वलाला आणि माणसालाही खायला काही उरत नाही.

चंद्रपूर-गडचिरोलीसाठी यात काय आहे?

चंद्रपूरचा कोळसा, बल्लारपूरच्या कागद कारखान्याला लागणारा बांबू, एटापल्ली तालुक्यातील सूरजागडचे लोहखनिज यांची गरज दूरच्या शहरांना आहे. वीज, कागद आणि पोलाद त्यांनाही हवे, आपल्यालाही हवे. त्यामुळे हा प्रश्न नुसत्या हो किंवा नाही या उत्तराने सुटत नाही. हर्बर्ट यांची कादंबरीही तसे सोपे उत्तर देत नाही. मसाला काढायचाच नाही, असे तिच्यातले कोणीही म्हणत नाही. काढायचा तर त्याचा निर्णय कोणी घ्यायचा आणि ज्या साखळीतून तो तयार होतो ती कोणाला समजते, एवढाच तिचा प्रश्न आहे.

या प्रश्नाचे एक प्रत्यक्ष उत्तर गडचिरोलीतच आहे. धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) या गोंड गावाला २००९ मध्ये वनहक्क कायद्यानुसार सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. देशात असा हक्क मिळवणाऱ्या पहिल्या गावांत त्याची गणना होते. गावाने सर्वसंमतीने निर्णय घेण्याची रीत आधीपासूनच घालून घेतली होती. बांबू केव्हा तोडायचा, किती तोडायचा, कोणाला विकायचा हे ग्रामसभा ठरवू लागली. कोणा एका तारणहाराची वाट न पाहता जंगलाचा हिशेब स्वतः ठेवायला हे गाव शिकले. पॉलच्या मागे धावणाऱ्या फ्रेमेन लोकांना नेमके हेच जमले नव्हते.

टकोमात आज हर्बर्ट यांची आठवण कशी आहे?

ज्या तांबे कारखान्याच्या धुरात हर्बर्ट यांचे लहानपण गेले, तो १९८५ मध्ये बंद पडला. त्याची उंच चिमणी १९९३ मध्ये पाडण्यात आली. आजूबाजूच्या मातीत मुरलेले शिसे आणि आर्सेनिक काढण्याचे काम त्यानंतरही कित्येक वर्षे चालले. कारखान्याने समुद्रात टाकलेल्या मळीची जमिनीची एक जीभच तयार झाली होती. ती झाकून, वर माती टाकून २०१९ मध्ये तेथे बाग आणि पायवाट खुली करण्यात आली. बागेला ‘ड्यून’चे नाव आहे आणि पायवाटेला फ्रँक हर्बर्ट यांचे. तिथे आता गवत उगवते आणि संध्याकाळी लोक फिरायला येतात. खालची मळी मात्र अजून तिथेच आहे.